दुमजली गाडीचा धनी

खांडेनवमीच्या सकाळी कोकिळावहिनींच्या गाडीला तडा गेलेला सापडला आणि त्यानंतर दुपारपर्यंत घरात कोणी मोठ्यानं बोललं नाही.

गाडी म्हणजे खेळणं. इंग्लंडात बनलेली, लाल आणि पिवळट पांढऱ्या रंगाची दुमजली बस, लांबी दहा सेंटिमीटर. पण शेषरावांच्या घरात तिला खेळणं म्हणत नसत.

हे १९६६ साल. मी रसायनशास्त्र घेऊन बी.एस्सी. झालो होतो आणि अमरावतीच्या माझ्या सरांसाठी लोणारच्या तळ्याचं पाणी गोळा करायला आलो होतो. दर आठवड्याला ठरलेल्या सात जागांवरून बाटल्या भरायच्या आणि नोंदी करायच्या. राहायला शेषरावांच्या घराची पुढची खोली मिळाली. माझं गाव चिखली तालुक्यातलं उंद्री, त्यामुळे मी अगदी परका नव्हतो. तरी शेषराव मला पहिल्या दिवसापासून 'पाणीवाल्या' म्हणत.

शेषराव स्वातंत्र्याच्या आधी खामगावच्या एका कापसाच्या जिनिंग कंपनीत इंग्रज साहेबाचे ड्रायव्हर होते. १९३९ साली साहेबाचा मुलगा शिकायला विलायतेला गेला, तेव्हा मॅडमनं त्याच्या पाच गाड्या शेषरावांना दिल्या. सहावी शेषरावांनी स्वतः मुंबईच्या जुन्या बाजारात शोधली. साहेब १९४८ साली मायदेशी गेला. पुढं आठ वर्षं नाताळाच्या सुमारास त्याचं एकेक पार्सल येत राहिलं. अशा चौदा गाड्या काचेच्या कपाटात होत्या. पेट्रोलचा टँकर, टपालाची व्हॅन, लष्करी लॉरी, शर्यतीची मोटर. काही खोकीसुद्धा त्यांनी जपली होती. त्यातल्या एका पत्रकावरून मला कळलं, की या गाड्या आधी खेळण्यातल्या आगगाडीच्या सोबतीला काढल्या होत्या. स्टेशन मांडलं की बाहेर मोटारी नकोत का, म्हणून. मग मुलांना आगगाडीपेक्षा मोटारीच आवडल्या.

कपाटातल्या काही गाड्यांना दोरा बांधलेला होता आणि दोऱ्याला नावाची चिठ्ठी. ही कंपनीच्या मोटारखान्यातली रीत. तिथं प्रत्येक गाडीला एक धनी असे, म्हणजे तिचा ठरलेला ड्रायव्हर; चावी त्याच्याकडं. खांडेनवमीला ज्यानं त्यानं आपल्याच गाडीला गंध लावायचं. एका माणसाच्या नावावर एकच गाडी. धनी नसलेल्या गाडीची पूजा नाही, आणि एकदा पुजलेली गाडी धन्याशिवाय ठेवायची नाही. शेषरावांनी ही रीत घरी आणली. घरात आलेल्या प्रत्येकाला एक गाडी मिळाली. कोकिळावहिनी या त्यांच्या सूनबाई. दोन वर्षांपूर्वी लग्न होऊन आल्या तेव्हा त्यांना दुमजली बस मिळाली.

"मामाजीनं मले दोन मजले देल्ले," त्या मला म्हणाल्या होत्या. "खालचा बसाले, वरचा माह्या तोंडाले."

वहिनींना आता नववा महिना लागला होता.

थोरला मुलगा रामराव याच्या लॉरीला १९५८ साली तडा गेला. त्याच वर्षी सुलतानपूरच्या नाल्यात त्याचा ट्रक उलटला. मग १९६२ साली काळ्या मोटरीला तडा गेला आणि तीन महिन्यांत तिची धनीण, शेषरावांची बायको झुंबरबाई, तापानं गेली. त्या दोन गाड्या कपाटाच्या खालच्या फळीवर पांढऱ्या कपड्यात गुंडाळून ठेवल्या होत्या. मुलगा गेल्यापासून शेषराव, ज्यांनी पंचवीस वर्षं गाडी चालवली ते, कोणत्याही वाहनात बसले नव्हते. बीबी गावच्या बाजारालाही पायी जात.

जुलैत मी हे सगळं ऐकलं तेव्हा मला भीती वाटली नाही. मला कुतूहल वाटलं. गाड्या जस्ताच्या मिश्रधातूच्या होत्या, हे वजनावरून आणि ओरखड्याच्या रंगावरून दिसत होतं. दर अमावस्येला त्या तळ्याच्या खाराच्या पाण्यात धूत. तीव्र अल्कलीत जस्त विरघळतं, हे मी पुस्तकात वाचलेलं. मी मोठ्या खात्रीनं सांगितलं, "काका, खार बंद करा. कोरड्या कपड्यानं पुसा. मंग तडा जानार नाई."

त्यांनी ऐकलं. तीन महिने गाड्यांना पाण्याचा थेंब लागला नाही. आणि खांडेनवमीला वहिनींची बस हातात घेतली, तर टपापासून खालच्या खिडकीपर्यंत केसासारखी रेघ.

"पाणीवाल्या," शेषराव म्हणाले. ते ओरडले नाहीत. "खार बंद केला होता न?"

"हाव."

"मंग?"

माझ्या खोलीत एक परीक्षानळी होती. तीत लॉरीची गळालेली खपली मी ऑगस्टपासून तळ्याच्या पाण्यात बुडवून ठेवली होती. तिला काहीच झालं नव्हतं. तळ्याचं पाणी तेवढं तीव्र नव्हतंच. ते मी स्वतः मोजलं होतं, आणि तरी दोन गोष्टी जोडून पाहिल्या नव्हत्या.

दुपारी दवाखान्यातल्या नर्स मंजुळाबाई आल्या. वहिनींना तपासून त्या ओसरीवर आल्या आणि हात धुता धुता म्हणाल्या, "लेकरू आडवं हाये. माह्या हातानं फिरत नाई. परवाच्या सकाळच्या गाडीनं मेहकरले न्या. डॉक्टरीनबाई तिथं हाये."

"ती गाडीत बसनार नाई," शेषराव म्हणाले.

"बैलगाडीत नेता? पंधरा मैलाचे गचके बसले त रस्त्यातच कळा सुरू होतीन. आडव्या लेकराच्या कळा, शेषरावभाऊ. मंग मी बी काही करू शकत नाई अन् कोणीच नाई."

"गाडीत नाई."

मंजुळाबाईंनी कपाटाकडं पाहिलं. त्यांना गावातलं सगळं माहीत होतं. "त्या डबड्यापायी?" त्या म्हणाल्या.

शेषरावांनी कपाटाचं दार लावून घेतलं. त्यांचा धाकटा मुलगा पंजाबराव, वहिनींचा नवरा, खांबाशी उभा होता. तो बापासमोर कधी बोलत नसे. त्यानं फक्त माझ्याकडं पाहिलं. ती नजर मला आवडली नाही, कारण तिच्यात मी काहीतरी करीन असा भरवसा होता. तीन महिन्यांपूर्वी मीच तो दिला होता.

मी शेषरावांना विचारून चौदाही गाड्या ओसरीच्या उजेडात मांडल्या. भिंगानं एकेक तपासली. पोटाखालून, चाकांच्या आतून, छताच्या कडांवरून. तासाभरानं दिसलं ते असं. सहा गाड्यांना तडे होते आणि आठ धडधाकट होत्या. तडा गेलेल्या सगळ्यांची चाकं मध्यभागी गुळगुळीत होती. धडधाकट गाड्यांच्या चाकांत मधोमध एक उंचवटा, गोल कडं होतं. एकही अपवाद नव्हता.

गुळगुळीत चाकांच्या सहा म्हणजे युद्धाआधीच्या. मॅडमनं दिलेल्या पाच आणि जुन्या बाजारातली एक. कड्याच्या चाकांच्या आठ म्हणजे साहेबानं नंतर पाठवलेल्या. युद्धात खेळणी बनवणं थांबलं होतं. पुन्हा सुरू झालं तेव्हा चाकाचा साचा बदलला असणार आणि धातूही. मग मला सरांचं एक व्याख्यान आठवलं. जस्ताच्या ओतीव वस्तूंत हजारात एखादा भाग शिसं मिसळलं, तर धातू आतल्या कणांच्या सीमांवरून वर्षानुवर्षं फुगत, फाटत जातो. बाहेरून काही करावं लागत नाही. तडा ओतल्या दिवसापासून आत असतो आणि नंतर दिसतो.

मला इतका आनंद झाला, की मी लगेच सांगायला गेलो.

शेषरावांनी सगळं ऐकून घेतलं. चाकं पाहिली. त्यांचे डोळे अजून ड्रायव्हरचे होते, कडं त्यांना भिंगाशिवाय दिसलं.

"बरोबर हाये तुह्यं," ते म्हणाले. "जुन्या फुटून राह्यल्या."

"मंग झालं न काका. या तिघी पाहा, मागच्या रांगेतल्या. त्याबी फुटल्या. कोन मेलं?"

"त्याले धनी कुठी हाये मरायले?"

त्यांच्या हिशोबात खोट नव्हती. धनी असलेल्या तीन जुन्या गाड्या. दोन धनी गेले. तिसरा धनी आत खाटेवर होता.

"पण काळी मोटर..." मी म्हणालो. माझ्या नोंदवहीत एक विसंगती होती. "काळी मोटर त मॅडमनं खास तुमच्या नावानं देल्ली होती, तुमीच सांगतलं. ती काकूची कशी?"

हे मी विचारायला नको होतं. शेषरावांनी हातातली गाडी खाली ठेवली.

"माह्यीच होती ती," ते म्हणाले. "तडा मलेच दिसला पयले. मी कोनाले सांगतलं नाई. पन तिनं पाह्यलं. मी वावरात गेलतो तवा तिनं दोरे बदलले. माह्यी मोटर तिच्या नावावर, तिची टपालगाडी माह्या नावावर. वाचता येत नवतं तिले, पन कोन्ता दोरा कोनाचा ते ठाऊक होतं." त्यांनी खालच्या फळीकडं बोट केलं नाही, फक्त मान वळवली. "मले समजलं तवा ती तापानं फनफनून राह्यली होती. तापात म्हने, चाबी घेतली जी म्या, आता वापस देत नाई."

तेव्हा पहिल्यांदा माझ्या अंगावर काटा आला. झुंबरबाई तापानं गेल्या, ताप जंतूंमुळं येतो, हे मला माहीत होतं. ते माहीत असून काटा आला.

आतून वहिनींचा आवाज आला. त्या सगळं ऐकत होत्या. "मामाजी, दोरे बदलता येते त माह्येबी बदला न. मले मांगची कोन्तीबी द्या. तडा गेलेली नसंन अशी."

"अन् बस?"

"राहू द्या तशीच."

"पुजलेली गाडी तशी नाई राहत," शेषराव म्हणाले. "हातात द्या लागते कोनाच्या. मी घेतली असती बाई. माह्या नावावर तिची टपालगाडी हाये. एका मानसाले दोन नाई. पंजाबचीबी हाये."

घरात गाडी नसलेला माणूस एकच होता. तो कोण हे सगळ्यांना कळलं आणि कोणी माझ्याकडं पाहिलं नाही.

"मी घेतो," मी म्हणालो.

"नाई," शेषराव म्हणाले. "दुसऱ्याच्या मायचं लेकरू हाय तू."

"काका, माह्या लेखी ते जस्त हाये. मले काही होनार नाई."

"तुह्या लेखी."

"माह्या लेखी काही नाई अन् तुमच्या लेखी वहिनी मोकळी. मंग अडचन काय?"

त्यांनी मला नीट पाहिलं. आपण एखाद्या नव्या माणसाला लॉरीवर चढवावं की नाही, असं मोटारखान्यात पाहत असतील तसं. "चाबी घेतल्यावर तू कोन्त्याच गाडीत बसाचं नाई," ते म्हणाले. "मेहकरलेबी जायचं नाई यांच्यासंग. तू बसला त ती गाडी भरल्या मानसांसकट नाल्यात जाईन."

मी हो म्हणालो.

दसऱ्याच्या सकाळी ते झालं. मोटारखान्यात ड्रायव्हर बदलला की जुन्यानं नव्याच्या हातात सुपारी आणि चावी ठेवायची अशी रीत होती. खेळण्याला चावी नसते, म्हणून शेषरावांनी ट्रंकेची घेतली. वहिनींना पाटावर बसवलं. त्यांनी सुपारी माझ्या तळहातावर ठेवली, मग चावी, मग बस. "तुळशीरामभाऊ," त्या हसत म्हणाल्या, "वरचा मजला सांभाळून वापरजा. लई बोलते तो." पण त्यांचा हात गार होता.

बस माझ्या तळहातावर आली आणि तिच्या टपाचा तुकडा, गव्हाच्या दाण्याएवढा, आपोआप सुटून सुपारीपाशी पडला.

वहिनींचं हसू गेलं. शेषरावांनी डोळे मिटले. मी म्हणालो, "हात लागला, म्हनून." हात लागला नव्हता.

दुसऱ्या दिवशी सकाळच्या एस.टी.नं वहिनी, पंजाबराव आणि मंजुळाबाई मेहकरला गेले. वहिनींच्या पदराला मागच्या रांगेतल्या, कड्याच्या चाकांच्या एका छोट्या टँकरची चिठ्ठी बांधली होती. शेषराव आणि मी दूर वडाखाली उभे होतो. मी गाडीजवळ जाऊ नये म्हणून त्यांनी माझं मनगट धरलं होतं. गाडी दिसेनाशी झाल्यावरही त्यांनी ते सोडलं नाही.

त्या दिवशी मी तळ्यावर गेलो नाही. शेषराव ओसरीवर बसून राहिले, जेवले नाहीत. संध्याकाळच्या गाडीच्या कंडक्टरनं मंजुळाबाईंची चिठ्ठी आणून दिली. मी ती मोठ्यानं वाचली. डॉक्टरीणबाईंनी पोटावरून हात देऊन बाळ फिरवलं, डोकं खाली आलं, बाळंत होईपर्यंत कोकिळेला तिथंच ठेवणार. शेषरावांनी चिठ्ठी हातात घेतली, उलटी करून पाहिली, मागं काही लिहिलेलं नाही याची खात्री केली. मग माझ्याकडं पाहून म्हणाले, "तू आता पायरी पाहून उतरत जाय."

बाराव्या दिवशी मुलगी झाली. दोघी सुखरूप होत्या.

गोष्ट इथं संपायला हवी होती. पण बस माझ्या खोलीत होती. माझ्या टेबलावर, थर्मामीटरच्या शेजारी, माझ्या नावाचा दोरा बांधलेली. सवयीनं मी तिच्या तड्याची रुंदी मोजायला लागलो. व्हर्नियर होतंच. दसऱ्याला दोन दशांश मिलिमीटर. आठ दिवसांनी तीन. कार्तिकी पुनवेला पाच, आणि मागच्या बाजूला दुसरी रेघ. मी हे आकडे तळ्याच्या नोंदींच्या वहीत शेवटच्या पानावर लिहीत होतो. थंडी वाढली की वाढ मंदावते का, हे पाहायचं आहे असं मी स्वतःला सांगत होतो. पण एके सकाळी माझ्या लक्षात आलं, की मी आधी आकडा पाहतो आणि मग त्या दिवशी तळ्याच्या उतारावर कोणत्या वाटेनं जायचं ते ठरवतो. आकडा वाढलेला असला, की मी लांबची, सपाट वाट घेत होतो.

मग अंगात कणकण वाटली की मी कपाळाला हात लावायला लागलो. एकदा विहिरीत वाकून पाणी पाहताना पाय मागं घेतला आणि बराच वेळ काठापासून दूर उभा राहिलो. हे कोणाला सांगण्यासारखं नव्हतं. शिशाचं प्रमाण, कणांच्या सीमा, सगळं मला तोंडपाठ होतं. ते म्हणत असतानाच भीती वाटत होती. दोन्ही गोष्टी एकाच डोक्यात शेजारी शेजारी राहत होत्या आणि एकमेकींना ओळख दाखवत नव्हत्या.

वहिनी बाळाला घेऊन परत आल्या. मुलीचं नाव ठेवलं. डिसेंबरात माझं काम संपलं. शेवटच्या दोन महिन्यांच्या छप्पन्न बाटल्या पेटीत भुशात भरल्या. पेटी अमरावतीला न्यायची तर एस.टी.शिवाय उपाय नव्हता.

"चालत जाशीन का मेहकरपर्यंत?" वहिनींनी विचारलं. चेष्टेच्या सुरात, पण चेष्टा नव्हती.

"पेटी घेऊन?"

"मंग बस अठीच ठेवून जा."

"धनी तिकडं अन् गाडी अठी. चालते का तसं?"

त्यांनाही रीत माहीत होती.

सकाळी मी गाडीत चढलो. बस कोटाच्या खिशात होती. पेटी पायाशी. कंडक्टरनं दार लावायच्या आधी मी चाकांचे नट मोजले होते, खाली उतरून, दोनदा. ड्रायव्हरचं तोंड पाहिलं होतं, झोप झालेली दिसते का. मेहकरच्या अलीकडचा पूल डोळ्यांसमोर दिसत होता आणि त्याच्या कठड्याची उंची किती, हे मी आठवत होतो.

तेवढ्यात खिडकीशी शेषराव आले. आठ वर्षांत ते कोणत्याही गाडीच्या इतक्या जवळ आले नव्हते. त्यांनी एक हात गाडीच्या पत्र्यावर ठेवला, जनावराच्या पाठीवर ठेवावा तसा. दुसऱ्या हातात सुपारी आणि ट्रंकेची चावी होती.

"घे," ते म्हणाले. "अन् मले दे."

"काका, तुमच्या नावावर टपालगाडी..."

"नातीले देल्ली सकाळी. तिलेबी लागनच न एक. कड्याच्या चाकाची हाये, तूच म्हने, तिले काही होत नाई." ते किंचित हसले. "आता मी मोकळा हाय. दे बे लवकर, गाडी सुटून राह्यली."

मी नाही म्हणू शकत होतो. हे जस्त आहे, काका, तुम्ही घेतलं काय न मी ठेवलं काय, सारखंच. हे वाक्य माझ्या तोंडात तयार होतं. इंजिन सुरू झालं. मी खिशातून बस काढली आणि त्यांच्या हातात दिली. सुपारी-चावी घेतली, लगेच परत केली, दोरा सोडला. सगळं पाच-सहा सेकंदांत.

गाडी निघाल्यावर माझी छाती मोकळी झाली. तसा श्वास मी दसऱ्यापासून घेतला नव्हता. सुलतानपूर मागं पडल्यावर माझ्या लक्षात आलं, की मी काय दिलं आणि कोणाला.

अमरावतीला पोहोचल्यावर मी पत्र टाकलं. मुलीची तब्येत, वहिनींची तब्येत, आणि शेवटी, सहज म्हणून, बसचा तडा कसा आहे. शेषरावांचं कार्ड आलं. त्यांचं अक्षर मोठं, शाळकरी. 'सर्व ठीक. गाडी अजून उभी आहे.' तेव्हापासून मी दर महिन्याला लिहितो आणि दर महिन्याला उत्तर येतं. कधी चार ओळी, कधी फक्त तेवढंच, गाडी अजून उभी आहे.

आमच्याकडं मृत्यूची बातमी असलेल्या कार्डाचा कोपरा फाडलेला असतो, घरात नेण्याआधीच कळावं म्हणून. पोस्टमन सकाळी दहाच्या सुमारास येतो. मी प्रयोगशाळेतून दारापर्यंत जातो, कार्ड उलटं धरतो, आणि मजकुराकडं न पाहता आधी चारही कोपऱ्यांवरून बोट फिरवतो.